लांबच्या वाटेने घरी

देवा, पुढचं दिसावं ही इच्छा काही केल्या माझ्या मनातून जात नाही. गावी आईबाबा थकलेले, लेक परमुलखात, आणि मी दोन्हीकडच्या फोनकडे कान लावून बसलेली. एवढं एकदा कळू दे, मग मी निर्धास्त होईन, असं तुला किती वेळा म्हटलं असेल ते तूच जाणतोस. आज मात्र तुझ्याशी एका आरशाबद्दल बोलायचं आहे.

तो आरसा कथेतला आहे. जे. आर. आर. टोल्कीन या तुझ्या भाविकाने तो रचला आणि १९५४ साली आलेल्या ‘द फेलोशिप ऑफ द रिंग’मध्ये आम्हाला दाखवला. लोथलॉरिएनच्या वनात, उंच हिरव्या कुंपणाआडच्या बागेत, एका बैठकीवर चांदीचं पसरट, उथळ घंगाळं आहे. शेजारी चांदीची झारी. त्या वनाची स्वामिनी गॅलाड्रिएल झऱ्याचं पाणी काठोकाठ ओतते, त्यावर हलकी फुंकर घालते, आणि पाणी ठरलं की बघ म्हणते. पाण्याला हात मात्र लावायचा नाही. त्यात होऊन गेलेलं दिसतं, चाललेलं दिसतं, आणि कदाचित होईल तेही दिसतं. यातलं कुठलं कोणतं, हे पाणी सांगत नाही.

देवा, त्या पाण्यात सॅम वाकला. साधा माळी, आपल्या धन्याबरोबर, फ्रोडोबरोबर, दूरच्या भयंकर कामावर निघालेला. आधी नुसत्या चांदण्या दिसल्या. मग फ्रोडो दिसला, फिकट चेहऱ्याचा, एका काळ्या कड्याखाली गाढ झोपलेला. आणि मग एकदम घर. शायर या त्याच्या मुलखातली झाडं धडाधड पडताहेत, जुनी पाणचक्की गेली, तिच्या जागी लाल विटांची इमारत आणि धूर ओकणारं धुराडं. त्याचा म्हातारा बाप चार किडुकमिडुक वस्तू ढकलगाडीवर टाकून टेकडी उतरतो आहे. हे लिहिणाऱ्याच्या पोटातलं दुःख तुला ठाऊक आहे. लहानपणी तो ज्या मुलखात राहिला, तो आपण दहा वर्षांचे व्हायच्या आत ओरबाडला गेला, असं त्यानेच लिहून ठेवलं आहे.

सॅम मागे सरला. मला आत्ताच्या आत्ता घरी जायचं, म्हणाला. कुणाला वाटणार नाही? बाप रस्त्यावर आलेला दिसला की पाय तिकडेच वळणार. तुला एकट्याला घरी जाता येणार नाही, असं गॅलाड्रिएल त्याला म्हणाली. मग सांगितलं की या आरशात दिसलेल्या काही गोष्टी कधीच घडत नाहीत; बघणारा त्या टाळण्यासाठी आपली वाट सोडतो, तेव्हाच त्या घडतात. सॅम खाली बसला, डोकं हातात धरून. थोड्या वेळाने म्हणाला, घरी जाईन तर धन्याबरोबर, लांबच्या वाटेने. नाहीतर जाणारच नाही.

मला हे दे, देवा. बापाची ढकलगाडी डोळ्यांपुढून हलत नसतानाही हातातलं काम सुटू नये, एवढं बळ दे.

पुढचं तू अर्जुनालाही दाखवलं होतंस. भीष्म, द्रोण, कर्ण तुझ्या मुखात शिरताना त्याने पाहिले, आणि हात जोडले, तुझं नेहमीचं सौम्य रूप पुन्हा दाखव म्हणाला. तुझ्या सख्याला जे पेललं नाही, ते मला कसं पेलणार?

आणि पेललं, तरी कळणार आहे का? या गोष्टीने माझी झोप उडवली आहे. कथेत पुढे तो काळा कडा खरंच येतो. शेलॉब नावाच्या प्रचंड कोळिणीने डंख मारलेला फ्रोडो तिथे निपचित पडलेला असतो. सॅमला आरशातलं चित्र आठवतं. तेव्हा मी याला झोपलेला समजलो, पण हा तर मेलेला आहे, असं त्याला वाटतं. देवा, पाण्यात पाहताना त्याला वाटलं होतं तेच खरं होतं! फ्रोडो जिवंत होता, विषाने नुसता बधिर झाला होता. आधी दाखवलेलं, नीट ओळखलेलंसुद्धा, दुःखाच्या घटकेला सॅमच्या कामी आलं नाही. धन्याला तिथेच ठेवून तो निघाला, आणि शत्रूच्या शिपायांना फ्रोडो सापडला तेव्हा उलटा धावला. त्यांचं आपसातलं बोलणं कानावर पडलं तेव्हा कुठे त्याला खरं कळलं. मला त्या चित्रापेक्षा ते उलटं धावणं हवं आहे. दवाखान्याच्या बाकावर बसलेल्या, डॉक्टरच्या चेहऱ्यावरून निकाल वाचू पाहणाऱ्या सगळ्यांना, आशा संपली असं ठरवण्याची घाई करू देऊ नकोस.

तरीही काही दाखवायचंच तुझ्या मनात असेल, तर दे त्या स्वामिनीसारखं. तिने सॅमला उजाड घर दाखवलं, आणि निरोपाच्या वेळी त्याच्या हातावर साध्या करड्या लाकडाची छोटी डबी ठेवली. आत तिच्या बागेतली माती आणि एक चंदेरी बी. सॅम परतला तेव्हा झाडं खरोखरच तुटलेली होती. मेजवानीच्या मैदानातलं लाडकं झाडसुद्धा आडवं पडलं होतं, आणि ते पाहून तो रडला. मग डबी उघडली. लोक इतके पोळलेले असताना ही माती आपल्याच बागेला घालणं बरं नाही, असं त्याने ठरवलं. शायरभर हिंडून नव्या रोपांच्या मुळाशी एकेक कण घातला, आणि उरलेली चिमूट मुलखाच्या मध्यावर उभं राहून वाऱ्यावर सोडली.

देवा, मला वाईट बातमी सांगशील तेव्हा तिच्याबरोबर करण्यासारखं काहीतरी दे. ते करताना माझी नजर माझ्या उंबऱ्याशी अडू देऊ नकोस. ज्यांची घरं माझ्याआधी उजाडली, त्यांच्याकडे मला आधी जाऊ दे.