पाठमोरे चालणारे पुत्र

शास्त्रपाठ : उत्पत्ती ९:२०-२३



मागे एका रविवारी उपासना संपल्यावर मंदिराच्या आवारात पाच-सहा मुले एका मोबाईलभोवती उभी होती. मीही डोकावलो. चार जण एका माणसाला मारीत होते आणि तो हात जोडून विनवीत होता. एका मुलाने विचारले, "पास्टरकाका, तुम्हांला पाठवू का?" मी "नको" म्हटले खरे, पण तोवर मी ते शेवटपर्यंत पाहिले होते, याची मला आजही लाज वाटते.

नोहा द्राक्षारस पिऊन डेऱ्यात उघडा पडला होता. हामाने ते पाहिले व बाहेर जाऊन भावांना सांगितले. शेम व याफेथ मात्र खांद्यावर वस्त्र घेऊन पाठमोरे आत गेले आणि त्यांनी बापाला झाकले. हामाने बापाला हातही लावला नव्हता. त्याने फक्त पाहिले व सांगितले. आपणही असेच म्हणतो, "मी कोठे मारले? मी तर नुसते पुढे पाठवले!" नोहा निदान स्वतःच्या चुकीने उघडा पडला. मार खाणाऱ्याला तर इतरांनी उघडे पाडलेले असते.

१ जुलै २०१८ रोजी, तोही रविवारच होता, धुळे जिल्ह्यातील राईनपाडा गावी मुले पळवणारे समजून जमावाने पाच जणांना ठार मारले. ते नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे, भिक्षा मागून पोट भरणारे लोक होते. अफवा मोबाईलवरून फिरली होती. मारहाणीची चित्रफीतही मोबाईलवरूनच फिरली. पाठवणाऱ्यांपैकी कित्येकांना हळहळही वाटली असेल. पण मेलेल्या माणसाच्या लेकरांच्या हातीही मोबाईल असतो. बापाचे मरण त्यांनी किती वेळा पाहावे?

कोणी म्हणेल, मग अन्याय झाकावा काय? मुळीच नाही. शेम व याफेथ दूर निघून गेले नाहीत. ते आत गेले. चित्रफीत पुरावा असेल तर ती पोलिसांकडे द्या, पीडिताच्या बाजूने उभे राहा. साक्ष न्याय करणाऱ्यापुढे देतात. तमाशा वेळ घालवणाऱ्यांपुढे मांडतात.

वधस्तंभापाशीही लोक पाहत उभे होते (लूक २३:३५). आपला तारणारा स्वतः मार खाल्लेला, वस्त्रे काढून घेतलेला, सर्वांच्या नजरेपुढे टांगलेला होता. त्याच्या शिष्याने दुसऱ्याची विटंबना हातोहात फिरवावी, हे कसे शोभेल?

संडे स्कूलच्या शिक्षकांनो, मुलांना नुसते "पाहू नका" म्हणू नका. "तिथे तुझा भाऊ असता तर?" असे विचारा. पुढच्या रविवारी मी त्या मुलांपुढे माझी चूक कबूल केली आणि आम्ही मिळून हाच पाठ वाचला. ज्याने पाठवू का म्हणून विचारले होते, त्याने आपण होऊन ती चित्रफीत पुसून टाकली.

हे प्रभू, आमच्या डोळ्यांना लाज दे, आमच्या हातांना आवर दे, आणि उघड्या पडलेल्याला झाकण्यासाठी आमच्या खांद्यावर वस्त्र दे. आमेन.