एक जून

आमच्या शाळेच्या जनरल रजिस्टरात १ जूनला जन्मलेली मुले इतकी आहेत की, एखाद्या परक्या माणसाला वाटावे, या मोहल्ल्यात पाळणे त्याच दिवशी हलतात. कारण सर्वांना ठाऊक आहे. शाळा जूनमध्ये सुरू होत, पहिलीच्या वयाची अट भागवायची असे आणि आईबापांजवळ कागद नसे. तारीख शिक्षकच लिहीत. यात कोणाला गुनाह वाटला नाही. आम्हालाही वाटला नव्हता. मूल शाळेत आले, याचेच समाधान असे.

ते समाधान न्यायालयात संपले. आमच्या एका माजी विद्यार्थिनीवर अत्याचार झाल्याचा खटला होता. मुख्याध्यापकांबरोबर रजिस्टर घेऊन आम्हालाही जावे लागले, कारण तिची नोंद आमच्या हातची होती. वकिलाने विचारले, "ही तारीख कशावरून लिहिली?" आईने सांगितल्यावरून. "आईने काय सांगितले?" बारावफात होऊन गेली होती, पाऊस लागायचा होता. "मग एक जून कोणी काढला? आणि साल?" तारीख आम्ही काढली. सालही वयाच्या अटीवरून आम्हीच मागे मोजले होते. तिचे वय अठराच्या आत असल्याचे सिद्ध झाले नाही आणि आरोपी सुटला. तो निरपराध होता की नव्हता, आम्हाला माहीत नाही.

पॉक्सो कायदा २०१२ चा. अठराच्या आतील मुलीची संमती तो मानत नाही. अठरा ओलांडली की सारा खटला तिच्या संमतीभोवती फिरतो. म्हणजे वय ही खटल्याची किरकोळ बाब नाही, तो पायाच आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये जर्नेल सिंग खटल्यात सांगितले की, बालगुन्हेगाराचे वय ज्या रीतीने ठरवतात, तीच रीत पीडितेसाठीही वापरावी. २०१५ च्या बालन्याय कायद्यात क्रम दिला आहे : आधी शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा मॅट्रिकचे प्रमाणपत्र, ते नसेल तर नगरपालिका-पंचायतीचा जन्मदाखला, काहीच नसेल तर हाडांचे एक्स-रे. हाडे मात्र तारीख सांगत नाहीत. दोन वर्षे इकडे, दोन वर्षे तिकडे. २०२३ मध्ये तामिळनाडूच्या एका खटल्यात शाळा बदलल्याचा दाखला सर्वोच्च न्यायालयाने पुरेसा मानला नाही. डॉक्टरांच्या मते वय १८ ते २० निघाले आणि पॉक्सोखालची शिक्षा रद्द झाली.

महाराष्ट्राला हे नवीन नाही. १९७२ मध्ये देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात एका अनाथ आदिवासी मुलीवर बलात्कार झाल्याचा खटला चालला. डॉक्टरांनी तिचे वय १४ ते १६ सांगितले होते. तेव्हा मर्यादा सोळाची होती, आणि ती सोळाच्या आत असल्याचा समाधानकारक पुरावा नाही, असे सत्र न्यायालयाने म्हटले. पुढे सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सोडले, देशभर मोर्चे निघाले, १९८३ मध्ये कायदा बदलला. त्या मुलीच्या नावाने खटला ओळखला जातो. आम्ही ते नाव येथे घेत नाही.

संशयाचा फायदा आरोपीला मिळालाच पाहिजे. हे आपल्याला कोणी शिकवायला नको. २००६ च्या मालेगाव स्फोटात पकडलेल्या मुस्लिम तरुणांना २०१६ मध्ये दोषमुक्त केले गेले, तेव्हा या तत्त्वाची किंमत आपल्याला कळली. आणि आम्ही साल उलट्या बाजूने चुकवले असते तर? २०१९ पासून पॉक्सोखाली बलात्काराला किमान दहा वर्षे आहेत, मुलगी सोळाच्या आत असेल तर किमान वीस. एखाद्या तरुणाची उमर आमच्या अंदाजावर तुरुंगात गेली असती. प्रश्न एवढाच की, हा संशय आरोपीने निर्माण केला नव्हता, मुलीनेही नाही. तो आमच्या शाईतून आला आणि भार मात्र तिने वाहिला.

कोणी म्हणतील, मुलगी बालिग झाली की झाले, तारखेचे काय? निकाहाचा तो वाद आहे, त्याने फौजदारी खटल्यातले वय ठरत नाही. शिवाय चांदच्या हिशेबाने अठरा वर्षे भरतात तेव्हा इंग्रजी हिशेबाने साडेसहा महिने उरलेले असतात. ईदा मोजून वय सांगणारी आई खोटे बोलत नसते. तरी तिच्या खऱ्या बोलण्यात मुलगी कायद्याच्या पलीकडे जाऊ शकते. देणेघेणे लिहून ठेवण्याचा हुकूम सूरह बकरात आहे. आपण उधारीच्या वह्या चोख ठेवतो आणि मुलीच्या जन्माची दवाखान्याची चिठ्ठी हरवतो!

यंदा जूनमध्ये एक आई मुलीला घेऊन आली. म्हणाली, "आपा, एक जून लिख लो ना, सबका वैसाच है." कागद नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही, आणि नाकारायचाही नव्हता. आईने सांगितले तेवढेच लिहिले आणि शेऱ्याच्या रकान्यात नोंद केली : आईच्या सांगण्यावरून, जन्मदाखला येणे बाकी. त्या दाखल्यासाठी ती दोनदा नगरपालिकेत जाऊन आली आहे. दवाखान्याच्या नोंदीत तिचे स्वतःचेच नाव चुकले आहे, म्हणून परत पाठवली. पुढच्या खेपेला आम्ही बरोबर जाणार आहोत.