सिस्टरचे हात आणि जनुकाचा दाखला

जनुकीय तपासणी म्हणजे काय, हे गोंदिया जिल्ह्यातल्या नर्सला समजावून सांगायची गरज नाही. मध्य भारतातल्या सिकलसेल या रक्ताच्या आनुवंशिक आजाराबद्दल नागपूरच्या शुक्ला आणि सोळंकी या डॉक्टरांनी ‘लॅन्सेट’मध्ये लिहिलं, ते १९५८ साली. तपासणी गावापर्यंत यायला पुढे अर्धं शतक गेलं. देवरी, सालेकसा, अर्जुनी मोरगावकडच्या पोरांची बोटं टोचून रक्ताचा थेंब द्रावणात टाकायचा, ते गढूळ झालं की नमुना इलेक्ट्रोफोरेसिसला पाठवायचा, मग घरी निकालाचं कार्ड पोचवायचं, हे काम एएनएम आणि स्टाफ नर्सच्या अंगवळणी पडलं आहे. जुलै २०२३मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय मोहिमेत देशभरातल्या ७ कोटी लोकांना तपासायचं ठरलं.

त्या कार्डाचं पुढे काय होतं, हेही नर्सला माहीत असतं. कार्डावर ‘वाहक’ लिहिलं म्हणजे माणूस आजारी नव्हे. दोन वाहकांचं लग्न झालं, तर प्रत्येक गरोदरपणात चारांत एक शक्यता बाळाला आजार होण्याची. एवढं साधं गणित. पण कार्ड मुलीचं असलं की ते पेटीच्या तळाशी जातं आणि आई हळूच म्हणते, ‘सिस्टर, बाहेर बोलू नका.’ उद्या तशीच तपासणी या सिस्टरच्या स्वतःच्या कातडीसाठी आली, तर तिने काय म्हणावं?

प्रश्न हवेतला नाही. त्वचेत फिलॅग्रिन नावाचं प्रथिन असतं. ते कातडीचा वरचा थर घट्ट ठेवतं आणि त्याच्यापासून बनणारी द्रव्यं ओलावा धरून ठेवतात. त्याच्या जनुकातल्या बिघाडाचा इसबाशी संबंध आहे, हे २००६मध्ये स्कॉटलंडच्या डंडी विद्यापीठातल्या संशोधकांनी दाखवलं. उत्तर युरोपात साधारण दहांत एकाला असा बिघाड असतो. नर्सच्या नोकरीत हात नासतील का, हे जनुक बघून आधीच सांगता येईल, हा विचार त्यातूनच निघाला. अशी तपासणी तुम्हाला हवी का, असं नेदरलँड्समधल्या संशोधकांनी तिथल्या नर्सना विचारलंही.

आता प्रसूतिकक्षातला हात जवळून बघा. आधी साबण, मग हातमोजे. हात पुरते कोरडे व्हायच्या आतच मोजे चढवावे लागतात, कारण बाई कळा देत असते. मे महिन्यात मोज्याच्या आत घामाचं तळं. मोजे काढले की पुन्हा साबण. लाली पहिल्यांदा दिसते ती बोटांच्या बेचक्यात आणि अंगठीखाली, जिथे साबण अडकून राहतो. मग पेरांवर भेगा. त्या भेगांवर स्पिरिट लागलं की डोळ्यांत पाणी येतं. घरी गेल्यावर भांडी, मिरच्या, धुणं. दिवसात दोन तासांहून जास्त वेळ हात ओले राहिले, तर जर्मनीचे नियम त्याला ‘ओलं काम’ म्हणतात आणि काळजी घेण्याची जबाबदारी मालकावर टाकतात. आपल्याकडे हात फाटले तर खोबरेल लाव, असं सांगून मोकळे होतात.

हात नासवतो तो साबण आणि मोजा, म्हणून मला जनुकाची ही तपासणी आज नको वाटते. फिलॅग्रिनचे जे बदल युरोपात नेहमी सापडतात, तेच आशियातल्या लोकांत सापडतात असं नाही; तिथला संच इथे आणून काय मोजणार? लहानपणी इसब होतं का, एवढं विचारलं तरी धोक्याचा बराचसा अंदाज येतो, आणि त्याला पैसा लागत नाही. शिवाय निकाल काहीही आला तरी उपाय तेच राहतात. सिकलसेलचं तसं नाही. तिथे निदान झालं की हायड्रॉक्सियुरियासारखं औषध देता येतं, लग्नाआधी सल्ला देता येतो.

खरी भीती मात्र अहवाल कोणाच्या टेबलावर जाईल याची आहे. अमेरिकेच्या वायुसेना अकादमीने १९८१पर्यंत सिकलसेलच्या वाहकांना दारातच अडवलं होतं, आणि ती माणसं आजारी नव्हती. तिथे २००८मध्ये नोकरी आणि आरोग्यविम्यातल्या जनुकीय भेदभावाविरुद्ध कायदा झाला. आपल्याकडे एचआयव्हीबाबत २०१७चा कायदा आहे, जनुकांबाबत तसा कायदा नाही. २०१८मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने जनुकीय आजाराच्या नावाखाली विमा नाकारणं हा भेदभाव ठरवला, पण ते विम्यापुरतं. कंत्राटी नर्सच्या हाती तर पुढच्या ऑर्डरचीही खात्री नसते. कामामुळे होणारे त्वचारोग नुकसानभरपाईच्या कायद्याच्या अनुसूचीत आहेत. तिने भरपाई मागितली की ‘तुमची कातडीच मुळात तशी’ हे उत्तर त्या अहवालातून तयार मिळेल. साबणाचा आणि मोज्याचा दोष तिच्या आईबापांवर जाईल.

लहानपणी इसब झालेल्या एखाद्या नर्सिंगच्या विद्यार्थिनीला तरीही जाणून घ्यावंसं वाटलं, तर तिला कोणी अडवू नये. अहवाल फक्त तिच्या हाती जावा, प्रवेश समितीकडे किंवा अधिसेविकेकडे नव्हे.

पॅच टेस्टबद्दल मात्र माझा आग्रह आहे. रबरी मोजे बनवताना थायुरामसारखी रसायनं वापरतात, आणि हाताला नेमकं काय सोसत नाही हे पाठीवर पट्ट्या लावून दोन ते चार दिवसांत कळतं. त्या निकालावर मोजा बदलता येतो. त्याच्या जोडीला ग्लिसरीन असलेलं हँडरब हवं. हात दिसायला मळलेले नसतील तेव्हा साबणापेक्षा ते कातडीला सौम्य पडतं, आणि पुष्कळ नर्सना हे कोणी सांगितलेलंच नसतं. पावडर नसलेले मोजे, आत घालायला सुती अस्तर, रात्री लावायला मलमाची ट्यूब: यातलं काहीही प्रयोगशाळेची वाट बघत थांबलेलं नाही. गोंदियाच्या सरकारी दवाखान्यांतून मोज्यांची पुढची मागणी जाईल, तेव्हा वॉर्डातल्या सिस्टरना विचारून ती लिहावी आणि थायुराम नसलेल्या मोज्यांचे काही डबे त्या यादीत असावेत.