‘अहो’ कोणाला म्हणावे?

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. तीर्थपुरीच्या परिसरातील एका वस्तीवर एका वृद्ध ख्रिस्ती बांधवाचा दफनविधी आटोपून आम्ही परतलो आणि रात्री धर्मग्रामाची मृत्युनोंदीची वही उघडली. दिनांक लिहिला. नावाच्या रकान्याशी मात्र लेखणी थबकली. हा माणूस अकरा वर्षे आमच्या परिचयाचा होता. आयुष्यभर त्याने इतरांच्या शेतांवर सालगडी म्हणून राबून काढले. सणाच्या मिस्सेला तो सर्वांआधी येई, सतरंज्या अंथरी, पाण्याचे पिंप भरी आणि पंगत उठल्यावर पत्रावळ्या गोळा करी. त्याला हाक मारण्यासाठी आमच्याजवळ दोन अक्षरी एक तुटके नाव होते आणि त्याच्या मागे एक ‘अरे’. आमच्याहून तो वीस वर्षांनी वडील होता. तो मात्र आम्हांला ‘आपण’ म्हणे. त्याचे पूर्ण नाव, त्याच्या वडिलांचे नाव आम्हांला ठाऊक नव्हते. दफनविधीच्या प्रार्थनेतही आम्ही ते तुटके नावच उच्चारले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांच्या घरी माणूस पाठवून आम्ही नाव विचारून घेतले आणि वहीत लिहिले. ते नाव येथे देत नाही. पण त्या रकान्याने आमच्यापुढे जो प्रश्न उभा केला, तो वाचकांपुढे ठेवावा, म्हणून हा लेखप्रपंच.

आम्ही शिष्टाचार न जाणणारे आहोत, असे कोणी म्हणणार नाही. सेमिनरीत वडीलधाऱ्यांशी कसे बोलावे, पाहुण्याला दारापर्यंत पोहोचवायला कसे जावे, पत्राची सुरुवात व शेवट कसा करावा, येथपासून काटाचमचा कसा धरावा येथपर्यंत सारे आम्हांला शिकविण्यात आले. तेथील ग्रंथालयात एमिली पोस्ट या अमेरिकन लेखिकेचा शिष्टाचारावरील एक जाडजूड ग्रंथ होता. आम्ही विद्यार्थी तो चोरून वाचीत असू आणि हसत असू. खेड्यातल्या ओसरीवर मांडी घालून जेवणाऱ्या मुलांना त्यातील चमच्यांचे प्रकार पाहून हसू येणारच! त्या हसण्यात ग्रंथाचे मर्म मात्र आमच्या हातून निसटले.

एमिली पोस्ट यांचा जन्म 1872 साली बाल्टिमोर शहरात झाला. वडील नामवंत वास्तुशिल्पी, घर संपन्न. 1892 मध्ये विवाह झाला. परंतु पतीच्या बाहेरख्यालीपणाची चर्चा वृत्तपत्रांपर्यंत गेली आणि 1905 मध्ये तो संसार मोडला. दोन मुलांची ही आई कादंबऱ्या व लेख लिहीत राहिली आणि पन्नाशीच्या उंबरठ्यावर, 1922 मध्ये, तिचा शिष्टाचारावरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. तो काळ अमेरिकेत उलथापालथीचा होता. देशोदेशींहून आलेली माणसे तेथे स्थिरावत होती, कालच्या कामगाराचा मुलगा आज कचेरीत बसू लागला होता. चारचौघांत वावरताना आपले हसे होऊ नये, ही त्या सर्वांची चिंता. जे ज्ञान मूठभर घराण्यांत आईकडून मुलीकडे जात असे, ते पोस्टबाईंनी कोणालाही विकत घेता येईल असे करून टाकले. पुढे वृत्तपत्रांतील सदर आले, आकाशवाणीवरील भाषणे आली, 1946 मध्ये त्यांच्या नावाची संस्था निघाली. 1960 मध्ये त्या वारल्या. परंतु ग्रंथाच्या आवृत्त्या निघतच राहिल्या. 2022 मध्ये त्यांच्याच वंशजांनी त्याची शताब्दी आवृत्ती काढली.

त्यांच्या चरित्रातील एक गोष्ट आम्हांला विशेष मोलाची वाटते. पहिल्या आवृत्तीतील घरांत नोकरचाकरांची वर्दळ होती. परंतु ज्यांच्या घरी एकही नोकर नव्हता, अशा गृहिणीही तो ग्रंथ वाचीत होत्या. 1927 च्या आवृत्तीत म्हणून एक नवे पात्र अवतरले. स्वयंपाकीण, वाढपीण आणि यजमानीण या तिन्ही भूमिका एकटीने पार पाडणाऱ्या त्या बाईंचे नावच ‘मिसेस थ्री-इन-वन’ होते. म्हणजे नियम माणसासाठी वाकला, माणूस नियमासाठी नव्हे. समोरच्याला अवघडल्यासारखे वाटू नये, हाच साऱ्या रीतीचा पाया, असे पोस्टबाई मानीत. चमचा कोणता उचलावा, हा प्रश्न त्यांच्या लेखी दुय्यमच होता.

परंतु या शिकवणीसाठी सातासमुद्रापार जाण्याची तरी काय गरज? आमच्या तीर्थपुरीच्याच घनसावंगी तालुक्यात जांब हे गाव आहे. 1608 साली तेथे समर्थ रामदासांचा जन्म झाला. त्यांचा ‘दासबोध’ वीस दशकांचा, दोनशे समासांचा. मोक्षाच्या या ग्रंथात दुसऱ्या दशकाच्या आरंभीच समर्थांनी मूर्खाची लक्षणे मांडली आहेत, हे लक्षात घेण्यासारखे आहे. परक्याच्या घरी जाऊन भरमसाट जेवणारा, सारे जागे असताना त्यांच्यामध्ये झोपी जाणारा, आपलीच स्तुती आपण करणारा, वाडवडिलांच्या मोठेपणावर जगणारा, असे कितीतरी मूर्ख तेथे भेटतात. लगेच पुढच्या समासात उत्तम लक्षणे येतात. अनोळखी रस्त्याला लागण्यापूर्वी विचारावे, न ओळखलेले फळ तोंडात घालू नये, अशी ती अगदी साधी शिकवण आहे. ब्रह्मज्ञान सांगू निघालेल्या या पुरुषाला पाहुण्याच्या जेवणाविषयी बोलणे कमीपणाचे वाटले नाही. ज्याला पंगतीत बसता येत नाही, तो परमार्थात काय बसणार, असेच जणू त्यांना सुचवायचे आहे.

त्याच दशकाच्या शेवटच्या समासात समर्थांनी ‘पढतमूर्ख’ रंगविला आहे. हा अडाणी नव्हे. बहुश्रुत आहे, इतरांना उपदेश करतो आणि त्याप्रमाणे स्वतः वागत नाही. वहीतील तो रिकामा रकाना पाहताना आम्हांला या समासाची आठवण झाली. दर रविवारी बंधुप्रेमावर प्रवचन करणारा आणि सतरंजी अंथरणाऱ्याचे नाव न जाणणारा धर्मगुरू दुसऱ्या कोणत्या सदरात मोडेल?

येथेच मूळ प्रश्न येतो. शिष्टाचार हा सद्गुण आहे की मुखवटा? सर्वच रीती काही प्रेमातून जन्मलेल्या नसतात. आपल्याच भूमीत गावकुसाबाहेरच्या माणसाने वाड्यापुढे वाकून ‘जोहार’ घालावा, ही रीतच होती. त्याच्या ओंजळीत वरून पाणी ओतावे, हीही रीत. चहाच्या हॉटेलात त्याची कपबशी वेगळी ठेवावी आणि ती त्याची त्यानेच विसळावी, हीही रीत. या रीती पाळणारे स्वतःला असभ्य मानीत नव्हते; उलट, त्या मोडणाऱ्यालाच उर्मट म्हणत. 1927 साली, पोस्टबाईंची ती सुधारलेली आवृत्ती निघाली त्याच वर्षी, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी महाडच्या तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. पुढे त्यांच्या अनुयायांनी ‘जोहार’ टाकून ‘जय भीम’ स्वीकारला. नमस्काराचा एक शब्द बदलला आणि वाकलेला कणा ताठ झाला.

पोस्टबाईंच्या देशातही असेच होते. दक्षिणेकडील राज्यांत कृष्णवर्णीयांना, मग ते कितीही वयस्क असोत, नुसत्या पहिल्या नावाने पुकारीत; नावाआधी ‘मिस्टर’ किंवा ‘मिस’ लावीत नसत. 1963 मध्ये अलाबामा राज्यातील एका न्यायालयात मेरी हॅमिल्टन या कृष्णवर्णीय कार्यकर्तीला सरकारी वकिलाने ‘मेरी’ म्हणून प्रश्न केला. मला ‘मिस हॅमिल्टन’ म्हटल्याखेरीज उत्तर देणार नाही, असे तिने सांगितले. न्यायालयाच्या अवमानाबद्दल तिला पाच दिवस कैद आणि पन्नास डॉलर दंड झाला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि 1964 मध्ये तेथे तिची शिक्षा रद्द झाली. एका संबोधनासाठी एवढा खटाटोप कशाला, असे कोणी म्हणेल. ज्याला जन्मभर संबोधन मिळालेच नाही, त्याला विचारावे.

वाचकहो, ‘तू’ हा शब्द वाईट नव्हे. आईला आपण ‘अगं’ म्हणतो, बालमित्राला ‘अरे’ म्हणतो, आणि प्रार्थनेत प्रत्यक्ष परमेश्वरालाही ‘तू’ म्हणतो. दोष आहे तो एकाच दिशेने वाहणाऱ्या ‘अरे’मध्ये. मित्राचा ‘अरे’ परत येतो. सालगड्याला घातलेला ‘अरे’ परत येत नाही, त्याचा ‘आपण’ होऊन येतो. मालकाच्या दहा वर्षांच्या मुलाला म्हातारा गडी ‘अहो’ म्हणतो आणि ते मूल त्याला ‘अरे’ म्हणते, तेव्हा त्या मुलाच्या मनावर जे कोरले जाते, ते कोणत्याही शाळेत सहजासहजी पुसले जात नाही.

मन साफ असले म्हणजे झाले, शब्दांत काय आहे, असा युक्तिवाद आम्हीही केला आहे. त्या वृद्धाविषयी आमच्या मनात तिरस्कार नव्हता, मायाच होती. परंतु ती माया त्यांना कशी कळावी? संत थॉमस अक्वायनस यांनी सौजन्याला स्वतंत्र सद्गुण मानले आहे आणि त्याची गणना न्यायाच्या परिवारात केली आहे. ही गोष्ट विचार करण्याजोगी आहे. सौजन्य ही आपण केलेली मेहेरबानी नव्हे. माणूस माणसाचे जे देणे लागतो, त्याची ती फेड आहे. देणे मनात ठेवून फिटत नाही. ते हातावर ठेवावे लागते, जिभेने उच्चारावे लागते. आणि सद्गुण सवयीने अंगी मुरतो, असेही त्याच संतांनी शिकविले. आज नुसत्या शिस्तीपोटी ‘अहो’ म्हणणारी जीभ उद्या मनालाही ‘अहो’ म्हणायला शिकवील. म्हणून आरंभीचा थोडा कृत्रिमपणा आम्ही ढोंग मानीत नाही. बाराखडी गिरविणाऱ्या मुलाला आपण ढोंगी म्हणत नाही.

प्रभू येशूलाही शिष्टाचाराची उपेक्षा मान्य नव्हती. शिमोन परुश्याच्या घरी प्रभू भोजनास बसला, तेव्हा पाय धुण्यास पाणी मिळाले नाही, चुंबनाने स्वागत झाले नाही, मस्तकाला तेल लावले गेले नाही, हे त्याने यजमानाला बोलून दाखविले. परंतु ते बोलून दाखविले एका तिरस्कृत स्त्रीची बाजू घेताना. तिने अश्रूंनी ती सारी रीत पुरी केली होती. संत याकोब तर थेट आपल्या मंदिरात शिरतात. सोन्याची अंगठी घातलेल्याला चांगली जागा आणि मळक्या वस्त्रांतल्या दरिद्र्याला पायांशी बसविणे, हा त्यांच्या मते श्रद्धेशीच केलेला द्रोह आहे. आपल्या लग्नांत, सणांत पहिल्या पंगतीला कोण बसते आणि कढईचा तळ खरवडून शेवटी कोण जेवते, हे प्रत्येक धर्मग्रामाने एकदा पाहावे. धर्मगुरूची खुर्ची पहिली मांडली जाते, हे आम्ही विसरलेलो नाही.

फार मोठा संकल्प सांगावयाचा नाही. ऊसतोडीला आलेला, भांडी घासणारी, मंदिर झाडणारा, यांपैकी ज्या कोणाशी रोज गाठ पडते, त्याचे पूर्ण नाव विचारावे आणि वयाचा मान राखून त्या नावाने हाक मारावी. लेकरांदेखत मारावी. आम्हीही त्या दिवसापासून तसे करू लागलो. प्रारंभी काही वृद्ध संकोचले. ‘फादर, आम्हांला कशाला अहो?’ असेही म्हणाले. त्या संकोचाला आपण किती काळ जबाबदार आहोत, हे त्या वेळी उमगते.

नामनोंदणीच्या वह्या आम्ही आता जरा लवकर उघडतो. माणूस हयात असतानाच त्याचे नाव ठाऊक असलेले बरे.