कुलूप निघाल्यानंतरचे अस्तेय

निन्टेन्डोचा ‘वी’ हा गेमिंग कन्सोल २००६ साली बाजारात आला, दहा कोटींहून जास्त खपला आणि आता जुन्या सामानात जमा झाला. तरी त्याचे आयुष्य संपलेले नाही. अनेक देशांत लोक अजूनही त्यात बाहेरचे सॉफ्टवेअर घालतात, यूएसबी ड्राइव्ह जोडतात आणि गेम डिस्कवरून न चालवता त्या ड्राइव्हवर टाकून खेळतात. याला कोणी सरळसरळ चोरी म्हणतो, कोणी आपल्या वस्तूवरचा आपला हक्क म्हणतो, आणि वाद तिथेच अडून राहतो. माझ्या मते दोन्ही बाजूंनी दोन वेगळ्या प्रश्नांची सरमिसळ केली आहे. एक प्रश्न यंत्राचा आहे, दुसरा गेमचा. यंत्राचे कुलूप काढण्यात चोरी नाही. मात्र ते निघाले की अस्तेयाची, म्हणजे चोरी न करण्याची, जबाबदारी यंत्राकडून माणसाकडे येते, आणि तिथे ती कंपनीच्या अटींपेक्षाही कडक होते. हे पटवून द्यायचे तर ते कुलूप नेमकी कशाची राखण करत होते, हे आधी पाहायला हवे.

वी कोणताही प्रोग्रॅम चालवण्याआधी त्यावर निन्टेन्डोची डिजिटल सही आहे का ते तपासतो. ही तपासणी भेदणाऱ्या गटाने आधी यंत्राच्या मेमरीकडे जाणाऱ्या बारीक रेषा धातूच्या चिमट्याने एकमेकींना जोडल्या आणि आत दडलेल्या किल्ल्या वाचून घेतल्या. त्या चिमट्यावरूनच त्यांनी ‘टीम ट्वीझर्स’ हे नाव घेतले, आणि डिसेंबर २००७ मध्ये बर्लिनच्या केऑस कम्युनिकेशन काँग्रेसमध्ये आपले काम मांडले. पुढे आढळले की सही पडताळणाऱ्या कोडमध्येच चूक होती. दोन आकडे शेवटपर्यंत ताडून पाहण्याऐवजी तो कोड शून्य दिसताच थांबत होता, त्यामुळे शून्यांनी भरलेली खोटी सहीही खरी ठरवता येत होती. २००८ चा ‘ट्वायलाइट हॅक’ तर एका घोडीच्या नावावर उभा होता. ‘झेल्डा: ट्वायलाइट प्रिन्सेस’ या गेमच्या सेव्ह फाइलमध्ये नायकाच्या घोडीचे नाव मेमरीतल्या जागेत मावणार नाही इतके लांब करून ठेवायचे. गेम ते नाव दाखवायला गेला की जादा अक्षरे शेजारच्या जागेत घुसत आणि यंत्राचा ताबा दुसऱ्याच प्रोग्रॅमकडे जाई. या सगळ्या खटाटोपातून कुलपाचा स्वभाव उघड होतो. दुकानातून चोरून आणलेली अस्सल डिस्क वी विनातक्रार चालवतो, कारण तिच्यावर सही आहे. यंत्राच्या मालकाने स्वतः लिहिलेला, कोणाचेही काही न घेतलेला छोटासा प्रोग्रॅम मात्र तो नाकारतो, कारण त्यावर सही नाही. म्हणजे चोर कोण आणि साव कोण, हे या कुलपाने कधी पाहिलेच नाही. कोणाच्या परवानगीने, एवढेच ते पाहत होते.

आता यंत्राचा प्रश्न. मालकी म्हणजे काय, यावर आपल्याकडे शतकानुशतके काथ्याकूट झाला आहे. चालुक्यांच्या कल्याणी नगरीत ‘मिताक्षरा’ लिहिणाऱ्या विज्ञानेश्वराने असा पक्ष मांडला की स्वत्व ही केवळ शास्त्राने सांगितल्यामुळे अस्तित्वात येणारी गोष्ट नाही, ती लोकव्यवहारातून सिद्ध होते. धर्मशास्त्र न मानणारे लोकही खरेदी-विक्री करतात आणि आपले-परके ओळखतात, हा त्याचा आधार. नैयायिकांमध्ये स्वत्वाचे एक लक्षण असे केले गेले की वस्तू आपल्या इच्छेप्रमाणे वापरण्याजोगी असणे म्हणजे ती आपली असणे. या कसोटीवर पैसे मोजून घरी आणलेला कन्सोल कोणाचा? लोकव्यवहार एकाच तोंडाने सांगेल की तो विकत घेणाऱ्याचा. तो पडला, फुटला तर नुकसान त्याचे. त्याला धूळ लागली तर पुसायची त्याने. मग त्यात कोणता प्रोग्रॅम चालावा हे ठरवण्याचा अधिकार तेवढा विकणाऱ्याकडे कसा राहतो? यावर उत्तर येते की घेताना तुम्ही अटी मान्य केल्या होत्या. अटींना किंमत आहे, आणि दिलेला शब्द पाळणे हाही धर्म आहे. पण खोका उघडल्यावर पडद्यावर येणारा, वाटाघाटीला जागा नसलेला आणि कंपनीला हवा तेव्हा बदलता येणारा मजकूर, आणि दोन माणसांनी समजून-उमजून केलेला करार, यांत अंतर आहे. सोनीने प्लेस्टेशन ३ विकताना त्यावर लिनक्स चालवण्याची सोय दिली आणि १ एप्रिल २०१० च्या अपडेटने ती काढून घेतली. अपडेट नाकारणाऱ्यांचे ऑनलाइन खेळणे बंद झाले. विकलेल्या वस्तूतला एक गुण विक्रीनंतर परत घेणारा पक्ष शब्द पाळण्याचा दाखला देऊ लागला, तर तो दाखला दोन्हीकडे सारखाच लागू व्हायला हवा.

मात्र इथे एक अडचण उभी राहते, आणि ती मला या विषयातली सर्वांत गंभीर वाटते. जैन परंपरेने चोरीची व्याख्या नुकसानीवरून केलेली नाही. जे दिलेले नाही ते घेणे, अदत्ताचे आदान, ही चोरी. तत्त्वार्थसूत्रावरच्या ‘सर्वार्थसिद्धी’ या टीकेत पूज्यपादांनी यावर स्वतःच शंका काढली आहे: मग भिक्षेसाठी हिंडणारा मुनी गावाच्या रस्त्यांवरून, वेशीतून जातो, तेही त्याला कोणी हातात दिलेले नसते, त्याला चोरीचा दोष लागतो का? समाधान असे की त्या वाटा सर्वांसाठी मोकळ्या आहेत म्हणून दोष नाही, आणि जे सर्वांसाठी मोकळे नाही अशा बंद दारातून मुनी आत जातच नाही. हा विचार माझ्या भूमिकेच्या थेट विरोधात जातो असे वाटेल. कन्सोलचे कुलूप हे बंद दारच आहे आणि बंद दार म्हणजे ‘दिलेले नाही’ असा स्पष्ट निरोप आहे, मग ते उघडणे अदत्तादान का नव्हे? पण दार कोणाच्या घराचे, हे विचारल्याशिवाय ही तुलना पुरी होत नाही. मुनी थांबतो तो दुसऱ्याच्या घरापुढे. वी ज्याच्या टेबलावर आहे त्याचेच ते घर आहे, आणि आपल्या घराचे दार आपल्याच तोंडावर दुसऱ्याने बंद केले असेल तर ते उघडण्यात अदत्त असे काही घेतले जात नाही. गेमचे तसे नाही. गेम हे दुसऱ्याचे घर आहे. डिस्क विकत घेतली तेव्हा त्या घरात वावरण्याची मुभा मिळाली, घराचा सातबारा नावावर झाला नाही. पूज्यपादांचा दाखला लागू पडतो तो इथे, आणि पूर्ण ताकदीने.

म्हणून ड्राइव्हवर गेम टाकताना खरा प्रश्न एकच उरतो: हा गेम मला कोणी दिला? आपली डिस्क वीमध्ये घालून ‘यूएसबी लोडर’ या प्रोग्रॅमने तिची प्रत ड्राइव्हवर उतरवणे हा एक प्रकार. लोडर डिस्कवर जागा भरण्यापुरता असलेला निरर्थक डेटा टाकून देतो, त्यामुळे ४.७ जीबीच्या डिस्कवरचा एखादा गेम काहीशे एमबीतही बसतो. जुन्या यंत्राची लेन्स थकते, डिस्कवर ओरखडे येतात. अशा वेळी ही प्रत म्हणजे मिळालेल्या वस्तूचा जपून केलेला वापर आहे. आपला कायदाही या विचाराच्या जवळ आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे ५२ वे कलम कॉम्प्युटर प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला, ती ज्या कामासाठी दिली त्या कामापुरती आणि नाश-नुकसानीपासून तात्पुरत्या संरक्षणासाठी, प्रत काढू देते. २०१२ साली आलेले ६५अ कलम कुलूप तोडण्याला शिक्षा सांगते, पण हक्कभंगाच्या हेतूने तोडले तर. म्हणजे आपल्या कायद्याने हेतूकडे पाहिले, हे मला नीतीच्या दृष्टीने योग्य वाटते. दुसरा प्रकार म्हणजे तोच गेम इंटरनेटवरून फुकट उतरवून त्याच ड्राइव्हवर टाकणे. लोडरच्या पडद्यावर दोघांची मुखपृष्ठे शेजारी-शेजारी दिसतात आणि यंत्राच्या लेखी त्यांत कणभरही फरक नसतो.

असे फुकट उतरवण्यात कोणाचे काय गेले, असा युक्तिवाद नेहमी होतो. प्रत काढल्याने मूळ वस्तू मालकाकडेच राहते, आणि उतरवणारा एरवी विकत घेणारच नव्हता. यातले पहिले खरे आहे, दुसरे कधी खरे तर कधी सोयीचे असते. पण दोन्ही मुद्दे नुकसानीच्या हिशेबातले आहेत, आणि अदत्तादानाची व्याख्या नुकसान मोजत नाही. ज्याने वर्षे घालवून काही घडवले, त्याने ते कोणत्या अटीवर द्यायचे हे सांगितले, आणि आपण त्याचे सांगणे जमेस धरले नाही. दोष या न जुमानण्यात आहे. तो किती खोलवर जातो हे होमब्रू, म्हणजे कंपनीच्या सहीशिवाय स्वतः लिहिलेले प्रोग्रॅम, करणाऱ्यांच्या जगातच दिसले. असे प्रोग्रॅम वीवर चालवून देणारे ‘होमब्रू चॅनेल’ फुकट होते. ते बसवताना पडद्यावर स्पष्ट सूचना येत असे की यासाठी तुमच्याकडून पैसे घेतले असतील तर तुम्ही फसवले गेला आहात. त्याच चॅनेलच्या कर्त्यांपैकी एकाने एप्रिल २०२५ मध्ये त्याचा प्रकल्प गोठवला. वीवरचे बहुतेक होमब्रू ज्या ‘लिबओजीसी’ या कोडसंग्रहावर उभे आहे, त्याच्यातला मोठा भाग ‘आरटेम्स’ या खुल्या प्रणालीतून घेऊन मूळ कर्त्यांचा उल्लेख पुसला गेला, असा त्याचा आरोप होता. आरोपाचा निवाडा करणे हे या लेखाचे काम नाही. पण तो आरोप समजतो, बोचतो, ही गोष्ट महत्त्वाची आहे. जे कोणालाही फुकट घेता येते, ज्याच्या कितीही प्रती काढल्या तरी कोणाचा पैसाही बुडत नाही, तिथेही नाव न सांगता घेणे चोरीसारखे वाटते. नाव राखणे ही देणाऱ्याची अट होती.

याहून अवघड प्रश्न आहे तो न विकल्या जाणाऱ्या गेमचा. वीचे ऑनलाइन दुकान ३० जानेवारी २०१९ ला बंद झाले. कोनामीच्या ‘रीबर्थ’ मालिकेतले तीन गेम फक्त याच दुकानात, डाउनलोड म्हणून मिळत. त्यांची वीसाठी डिस्क निघालीच नव्हती. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत अमेरिकेत निघालेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के बाजारात मिळत नसल्याचे दिसले. मग हे बेवारस धन का मानू नये? मनुस्मृतीत बेवारस सापडलेले धनही राजाने तीन वर्षे मालकाची वाट पाहत सांभाळायचे आहे. इथे तर मालक ठाऊक आहे, फक्त तो विकत नाही. म्हणून ‘मिळत नाही’ यातून ‘माझे झाले’ असे निघत नाही. परंतु मालकाचीही काही बांधिलकी आहे. लाखो लोकांच्या आठवणींचा भाग झालेली कृती जो ना विकतो, ना ग्रंथालयांना मोकळेपणाने जपू देतो, त्याचे स्वत्व कायद्याने शाबूत असले तरी नैतिक बळ गमावत जाते. अभ्यासकांना असे गेम दूरवरून पाहता यावेत ही मागणी अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाने ऑक्टोबर २०२४ मध्ये फेटाळली. हा निर्णय मला चुकीचा वाटतो. नष्ट होऊ घातलेल्या कृतीची प्रत जपून ठेवणाऱ्याला मी चोर म्हणणार नाही. जपणे म्हणजे मात्र यादीतला प्रत्येक गेम एका रात्रीत ड्राइव्हवर ओतणे नव्हे. आणि गेम भरलेले ड्राइव्ह विकणाऱ्याबद्दल तर शंकाच नको. चोराला उत्तेजन देणे, चोरीचा माल घेणे आणि अस्सलाच्या नावावर नक्कल विकणे, हे तिन्ही तत्त्वार्थसूत्राने अचौर्यव्रताचे अतिचार म्हणून मोजले आहेत. आपल्याकडेही प्लेस्टेशन २ च्या काळात चिप बसवलेले कन्सोल आणि बनावट डिस्क यांचा धंदा उघड्यावर चालला, आणि त्यात अजाण गिऱ्हाइकांपेक्षा विकणाऱ्यांचा दोष मोठा होता.

शेवटी उरतो पैशांचा मुद्दा. ज्याला एक गेम घेणेही परवडत नाही त्याने काय करावे? आपद्धर्मात भुकेल्याला सूट आहे. सहा वेळचे जेवण चुकलेल्याला मनु एका दिवसापुरते अन्न घेऊ देतो, पण ती सूट अन्नासाठी आहे, मर्यादित आहे, आणि करमणुकीला तशीच्या तशी लावता येणार नाही. खेळण्याची ओढ मी क्षुल्लक समजत नाही; मुलांच्या वाढीत खेळाला फार मोठे स्थान आहे. पण वीच्या बाबतीत अदत्ताला हात न लावता ती ओढ भागवण्याचा रस्ता उघडा आहे. त्याच्या वापरलेल्या डिस्क अजून हातोहात फिरतात, मित्रांत दिल्या-घेतल्या जातात, आणि पहिल्या खरेदीदाराला मिळालेली मुभा डिस्कसोबत पुढच्याकडे जाते. अशी डिस्क घ्यावी, कुलूप काढलेल्या वीमध्ये निर्धास्तपणे तिची प्रत ड्राइव्हवर टाकावी, आणि पुढे डिस्क दुसऱ्याला विकली की ड्राइव्हवरची प्रतही पुसून टाकावी. ही शेवटची पायरी कोणतेही कुलूप कोणाकडून करवून घेऊ शकत नाही.