आधी बरण्या

गार्डकाकांनी बाबूला फायटर माशांची जोडी दिली नाही, याची चर्चा विठ्ठलवाडीच्या त्या चार मजली इमारतीत दोन दिवस चालली. काकांच्या गॅलरीत तीसेक बरण्या, प्रत्येकीत एक नर. त्यातला एक आणि एखादी मादी शेजारच्या पोराला दिली असती तर काय बिघडलं असतं, असं बहुतेकांचं मत पडलं.

काका मध्य रेल्वेतून गार्ड म्हणून निवृत्त झालेले. पुढे २०२२ साली रेल्वेने गार्ड हे पदनाम बदलून ट्रेन मॅनेजर केलं, पण इमारतीत त्यांना मॅनेजरकाका म्हणायला कुणी धजावलं नाही. कर्जत लोकल खालून धडधडत गेली की त्यांच्या बरण्यांमधलं पाणी थरथरतं. दर दोन बरण्यांच्या मधे पुठ्ठा असतो, कारण शेजारचा दिसला की नर कल्ले फुगवून काचेवर धडका देत बसतो. सयाममध्ये याच स्वभावापायी या माशांच्या झुंजी लावत. १८४० च्या सुमारास तिथल्या राजाने दिलेले काही मासे हिंदुस्थानात नोकरीला असलेल्या कँटर नावाच्या एका डॅनिश डॉक्टरपर्यंत पोचले, आणि त्याने त्यांच्यावर लिहिलं. आज हा मासा थायलंडचा राष्ट्रीय जलचर आहे, २०१९ पासून. आपल्याकडे तो प्लॅस्टिकच्या पिशवीत ओंजळभर पाण्यात विकायला टांगलेला दिसतो.

बाबू बारावीला. त्याने काकांना सरळ विचारलं होतं, "काका, पिल्लं काढायचीत. एक जोडी द्याल?"

"बरण्या किती आहेत?"

"दोन फुटी टाकी आहे ना."

"टाकी जोडीसाठी. पिल्लांना बरण्या लागतात. आणि खायला काय घालणार त्यांना?"

"पावडर."

"मग आधी बरण्या जमव. जोडी कुठे पळून जात नाही."

बाबूने याचा अर्थ 'द्यायची नाही' असा घेतला. रविवारी त्याने विठ्ठलवाडीहून लोकल पकडली, कुर्ल्याच्या रंगीत माशांच्या बाजारात गेला आणि साठवलेल्या पैशातून लालभडक हाफमून नर आणि त्याच रंगाची मादी घेऊन आला. हाफमूनने शेपूट पसरली की नेमकं अर्धवर्तुळ होतं. पोरगा त्या शेपटीवरच भाळला होता.

पुढचं सगळं त्याने फोनवर पाहून पाठ केलेलं होतं, आणि ते त्याने चोख केलं हे मान्य करायला हवं. नळाचं पाणी बादलीत दिवसभर उघडं ठेवलं, टाकीत चार-पाच बोटंच भरलं. हीटर अठ्ठावीस अंशांवर लावला. रस्त्यावरच्या देशी बदामाचं वाळलेलं पान धुऊन वर तरंगत सोडलं. मादीला तळ कापलेल्या पारदर्शक बाटलीत उभं केलं, म्हणजे नराला ती दिसेल पण त्याला तिच्यापर्यंत पोचता येणार नाही. नराने आधी तिच्यापुढे मिरवून घेतलं, मग पानाखाली बुडबुड्यांचं घरटं बांधायला घेतलं. वर यायचं, हवेचा घोट घ्यायचा, तो लाळेत गुंडाळून खाली नेऊन चिकटवायचा. रात्रभर हेच. सकाळी मादीच्या अंगावर उभे पट्टे दिसले तेव्हा बाबूने बाटली काढली.

पहिला तासभर नराने तिला नुसतं पिटाळलं. तिची शेपटी एका बाजूने फाटली. बाबूची आई म्हणाली, "अरे, मारेल तो तिला, काढ बाहेर!" पण मग ती स्वतःच मान खाली घालून घरट्याखाली आली. नराने अंग वळवून तिला विळखा घातला, आणि क्षणभर दोघंही निर्जीवासारखी तरंगत राहिली. पांढरी अंडी खाली पडू लागली. ती तळाशी पोचायच्या आत नराने एकेक तोंडात धरली आणि वर नेऊन बुडबुड्यांत ठेवली. दुसरा नर दिसला की फाडायला धावणारा हा प्राणी, आणि त्याच तोंडात अंड्याला ओरखडाही नाही. इमारतीतली माणसं पाळीपाळीने येऊन बघून गेली. मादी ती अंडी खाते म्हणून बाबूने तिला वेळेवर बाहेर काढलं. आता राखण बापाची.

काकाही आले. खूप वेळ वाकून बघत राहिले. "झकास," म्हणाले. मग, "केळीच्या सालीचं पाणी लावलंस का?"

"उद्या लावतो."

काका काही बोलले नाहीत.

दीड दिवसात अंडी फुटली. पिल्लं घरट्याला शेपट्या खाली सोडून लटकली. एखादं सुटून पडलं की बाप खाली झेपावून तोंडात घ्यायचा आणि वर नेऊन थुंकायचा. तिसऱ्या दिवशी ती आडवी पोहू लागली, तेव्हा बाबूने बापालाही बाहेर काढलं, कारण त्यापुढे तोच त्यांना खाण्याची शक्यता असते. बहुतेक व्हिडिओ इथेच संपतात. बाबूचीही तयारी इथेच संपली.

पोटातला बलक संपला की या पिल्लांना दिवसातून बऱ्याचदा खायला लागतं, आणि तेही पाण्यात हलणारं, डोळ्यांना जेमतेम दिसेल इतकं बारीक. टाकीच्या पाण्यात केळीची साल किंवा कोबीचं पान टाकून बरणी खिडकीत ठेवली की त्यात असे सूक्ष्मजीव वाढतात. पण पाणी आधी दुधाळ होतं, घाण वास मारतं, मग निवळतं. यात चार-पाच दिवस जातात. पिल्लं तेवढे दिवस थांबत नाहीत. बाबूने पावडर टाकली, ती बुडाशी बसून कुजली. कुणाच्या सांगण्यावरून उकडलेल्या अंड्याचा बलक कालवून टाकला, पाणी पांढरं झालं. आठवडा भरायच्या आत टाकीत नुसतं बदामाचं पान उरलं.

तो तणतणत काकांकडे गेला. "तुम्ही आधी नीट सांगायचंत ना!"

"विचारलं होतं की. खायला काय घालणार म्हणून."

"मला वाटलं, तुम्हाला द्यायची नाहीये."

काका बरणीतलं पाणी बदलत होते. हातातलं काम न थांबवता म्हणाले, "बस. मोटरमनला समोरचा सिग्नल दिसतो. हिरवा झाला तरी गार्डाच्या दोन घंटा आल्याशिवाय तो लोकल हलवत नाही. मागच्या डब्याला कोण लोंबकळतंय ते त्याला कुठून दिसणार? तू सिग्नल बघितलास."

त्या दिवशी बाबूने पहिल्यांदा हिशोब मांडला. दोनशे पिल्लं जगली तर निम्मे नर. दोन-तीन महिन्यांत ते एकमेकांवर धावून जाणार, म्हणजे शंभर बरण्या. दर दोन दिवसांनी पाणी बदलायचं. घर तर दोन खोल्यांचं. भंगारवाल्याकडे, किराणा दुकानात गोळ्यांच्या रिकाम्या बरण्यांसाठी, वरच्या वहिनींकडे, सगळीकडे फिरून त्याने चाळीस जमवल्या. आईने बजावलं होतं, लोणच्याच्या बरणीला हात लावायचा नाही. एक्केचाळिसावी तीच होती.

"चाळीसच होतात, काका. बाकीच्यांचं काय?"

"चाळिसांपुरतीच वाढव. जास्तीची पिल्लं पहिल्याच आठवड्यात माझ्या मोठ्या माशांना."

बाबूचा चेहरा पडला. इमारतीतला एक जण म्हणाला, "वालधुनीत सोडून द्या की." काकांनी त्याच्याकडे नुसतं बघितलं. कारखान्यांच्या रसायनांनी त्या नदीचं काय झालंय हे विठ्ठलवाडीकरांना नाकाने कळतं. आणि पाणी स्वच्छ असतं तरी परका मासा तिथे सोडू नयेच. काकांचा उपाय मलाही ऐकायला आवडला नव्हता; पण दोनशे माशांना एका टाकीत एकमेकांचे लचके तोडू देण्यापेक्षा तो कमी क्रूर आहे. ज्याला तेवढंही सोसवत नाही त्याने जोडी लावू नये, आणि त्यात कमीपणा काही नाही.

गणपती उठल्यावर बाबूने पुन्हा जोडी लावली. या खेपेला केळीच्या सालीचं पाणी आठवडाभर आधीपासून खिडकीत होतं. पिल्लांच्या खाण्यासाठी आर्टेमिया या बारीक झिंग्याची अंडी आणलेली होती. उलट्या बाटलीत मिठाचं पाणी, एअरपंपाची नळी, आणि साधारण दिवसभराने नारिंगी ठिपके हलू लागतात, हा प्रयोग त्याने पिल्लं नसतानाच दोनदा करून पाहिला. टाकीवर प्लॅस्टिकचा कागद ताणून काकांनी चारी बाजूंनी चिकटपट्टी मारली, खाणं टाकायला एक कोपरा ठेवला. फायटरचं पिल्लू सुरुवातीला कल्ल्यांनीच श्वास घेतं. डोक्यातली हवा ओढणारी पोकळी तयार व्हायला काही आठवडे लागतात. मग ते वर येऊन पहिला घोट घेतं. तेव्हा वरची हवा पाण्याइतकी उबदार आणि ओलसर नसेल तर पिल्लं दगावतात.

नेमक्या त्याच दिवसांत डोंबिवलीहून आत्या आली. डोक्यावर पंखा फुल्ल. "बघू रे, तुझे मासे बघू." कागदावर आतून बाष्प जमलेलं, दिसत काही नव्हतं.

"आत्या, दिवाळीत या. आत्ता नाही उघडता येणार."

"अगं बाई, दोन मिनिटं उघडलं तर काय होतंय?" आईने डोळे वटारले. बाबूने उठून आधी पंखा बंद केला, आत्याला काकांच्या गॅलरीत नेलं आणि तिथले मासे दाखवले. संध्याकाळी आई त्याच्याशी बोलली नाही.

दिवाळीत पिल्लं बोटाच्या पेरापेक्षा मोठी झाली होती. डिसेंबरात नर वेगळे काढले: अडतीस. मग दर दोन दिवसांनी पहाटे उठून अडतीस बरण्यांचं पाणी. त्यात बघण्यासारखं काही नव्हतं, आणि आता बघायला कुणी येतही नव्हतं.

जानेवारीत तो पिशव्या भरून कुर्ल्याला गेला. विक्रेत्याने एकेक पिशवी उजेडाला धरून पाहिली. "माल चांगला आहे. होळीपर्यंत अजून एक लॉट दे. सगळा घेतो, भावही वाढवून देईन."

घरी जोडीतल्या नराने बरणीत पुन्हा घरटं बांधलेलं होतं. मादीही भरली होती. बाबू क्षणभर थांबला.

"फेब्रुवारीत बारावी आहे माझी. पाणी कोण बदलणार? मेमध्ये बघू."

"मेपर्यंत दुसरा कुणीतरी देईल."

"देऊ दे की," बाबू म्हणाला, आणि पैसे मोजून घेतले. आर्टेमियाच्या डब्याचा खर्च निघाला, वर थोडे उरले. उतरल्यावर त्याने आईसाठी लोणच्याची नवी बरणी घेतली, चिनीमातीची, म्हणजे तिच्यात मासा ठेवायचा मोह कुणालाच व्हायला नको.