काळ लांबविणारा स्फटिक

अद्भुत कथांतून एक वस्तू हल्ली वारंवार भेटते. कोठे तरी एक दुर्मिळ स्फटिक सापडतो आणि तो ज्याच्या हाती असेल त्याच्यापुरता काळ लांबतो किंवा आखडतो. ही कल्पना पोरकट म्हणून बाजूस सारणे सोपे आहे. परंतु ‘वेळ पुरत नाही’ हे वाक्य ज्या घरात ऐकू येत नाही असे घर आमच्या तरी पाहण्यात नाही. म्हणजे खडा मिळालेला नसला तरी त्याची हाव घरोघर आहे. तेव्हा असा खडा खरोखरच हाती आला तर तो वापरणे न्याय्य होईल काय, हा प्रश्न एकवार विचारून पाहण्याजोगा आहे.

स्फटिकांची वाण आमच्या मुलुखात मुळीच नाही. घोटी, इगतपुरी, सिन्नर या भागांतील काळा कातळ सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे. तो थिजताना त्यात वायूच्या पोकळ्या राहिल्या आणि पुढे त्यांत झिरपलेल्या पाण्यातून स्फटिकांचे झुबके जमले. नाशिक जिल्ह्यात विहिरी व खाणी खणताना ते हाती येतात. सिन्नरला तर त्यांचे ‘गारगोटी’ नावाचे संग्रहालयच आहे. ही गारगोटी काळाशी अगदीच असंबद्ध आहे असेही नाही. ठरावीक स्फटिक दाबले असता त्यांत वीज उत्पन्न होते हे क्युरी बंधूंनी १८८० साली दाखविले; त्याच गुणाच्या आधारे १९२७ साली अमेरिकेत गारगोटीचे पहिले घड्याळ झाले, आणि १९६९ साली जपानात ते मनगटावर आले. त्यातील कपचा सेकंदास ३२,७६८ वेळा थरथरतो, मग घड्याळ सावकाराचे असो की हमालाचे. तो काळ मोजतो, कोणासाठी लांबवीत नाही. निसर्गाने स्फटिकास एवढेच दिले.

आमच्या पुराणकारांनीही मण्यास याहून अधिक काही दिले नाही. स्यमंतक सोने देई, आयुष्य देत नसे. काळाच्या लांबीरुंदीच्या कथा त्यांनी निराळ्या रचल्या. रेवतीच्या वरसंशोधनासाठी ककुद्मी राजा ब्रह्मलोकी गेला, घटकाभर गायन ऐकत थांबला, आणि परतला तो पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटलेली! मनात योजलेले वर तर राहोतच, त्यांच्या नातवंडा-पणतवंडांची नावेही कोणास ठाऊक नव्हती. परंतु आमच्या प्रश्नास अधिक भिडते ती ययातीची कथा. शुक्राचार्यांच्या शापाने त्यास अकाली वार्धक्य आले. मात्र कोणी आपखुशीने आपले तारुण्य दिल्यास अदलाबदल होईल, असा उःशाप मिळाला. यदू, तुर्वसू, द्रुह्यू व अनू यांनी नकार दिला. धाकट्या पूरूने होकार दिला आणि बापाने हजार वर्षे मुलाच्या तारुण्यावर काढली. पुराणकारांचे मर्म येथे आहे. काळ कोठून पैदा होत नाही. एकाचा लांबला तर तो दुसऱ्या कोणाच्या तरी खाती खर्ची पडतो. पूरू राजी होता, असे कोणी म्हणेल. परंतु नकार देणाऱ्या चौघांस बापाने शापिले, हेही त्याच कथेत आहे. शापाच्या छायेत दिलेल्या संमतीस संमती म्हणावे काय?

ही शंका केवळ पुराणापुरती नाही. १८६५ साली थळ घाटातून आगगाडी वर आली तेव्हापासून घोटीकडील लोक काळ आखडताना पाहत आले आहेत. आता समृद्धी महामार्गावर इगतपुरीजवळ सुमारे आठ किलोमीटरांचा बोगदा झाला, आणि ५ जून २०२५ रोजी अखेरचा टप्पा खुला होऊन नागपूर-मुंबई हे ७०१ किलोमीटर अंतर आठ तासांवर आले. जुना कसारा घाट मिनिटांत मागे पडतो. हा रस्ता होऊ नये, असे म्हणणाऱ्यांपैकी आम्ही नाही. परंतु याच मार्गाच्या कामावर शहापूर तालुक्यात सरळांबे येथे १ ऑगस्ट २०२३ च्या पहाटेपूर्वी तुळई चढविण्याचे यंत्र कोसळून २० माणसे मेली. ती रात्रपाळीस राजीखुशीने गेली होती, असे म्हणता येईल. पूरूही राजीखुशीनेच पुढे झाला होता. पोटापाण्याची वाट अडणे हा शाप शुक्राचार्यांच्या शापाहून सौम्य असतो, असे कोणी समजू नये. वाचलेल्या तासांचा हिशेब मोठ्या अक्षरांत छापला जातो. त्या वीस जणांच्या न जगलेल्या वर्षांचा रकाना त्याच कागदावर का नसावा, हे आम्हांस कोणी सांगत नाही.

तरीही आजारी लेकराच्या उशाशी बसलेली आई तो खडा मागेल, तर तिला ययाती म्हणण्याचे धाडस आमच्याने होणार नाही. ती स्वतःचा काळ आधीच देऊन बसली आहे. तिला भोगायचे काही नाही. मागणाऱ्याने आपल्या पदरचे काय घातले, हे पाहिल्यावाचून मागणीचा निवाडा करता येत नाही, असे आमचे मत आहे.

घोटीच्या भाताच्या खाचरांत हा निवाडा दर पावसाळ्यात होत असतो. इंद्रायणीचे रोप तीन-चार आठवड्यांचे झाले की आवणी उरकावीच लागते; पाऊस रुसला म्हणून रोप वयाने थांबत नाही. अशा वेळी खडा हाती असला तरी शेतकऱ्यास त्याचा उपयोग नाही, त्यास हात हवे असतात. भाताच्या मुलुखात त्यासाठी सावडीची रीत आहे. आज शेजारी माझ्या चिखलात वाकतो, उद्या मी त्याच्या. येथेही एकाचा दिवस दुसऱ्याच्या शेतात जातो, परंतु तो परत यावयाचा असतो, आणि कोणाचा किती फिटला हे कागदावाचून साऱ्यांस ठाऊक असते. हल्ली रोजंदारीने ही रीत पुष्कळ मागे सारली आहे. जेथे ती उरली आहे तेथे, आपली पाळी आली असता जो येत नाही, त्याच्या खाचरात पुढल्या आवणीस कोणी उतरत नाही.